नाव चढवायचं राहून जातं तेव्हा

आमच्याकडं घरातलं माणूस गेलं की तेरवीपर्यंतचं सगळं नीट होतं, कोणाचा मानपान राहत नाही, कोणाला बोलवायचं राहत नाही. पण त्यानंतर कोणी पटवाऱ्याकडं वारसाचा अर्ज द्यायचा विषय काढला की घरातलं एखादं मोठं माणूस म्हणणारच, "आत्ताच कायले? होऊ द्या वर्षश्राद्ध. लोक म्हनतीन, बाप गेला नाई तं वावराच्या मागं लागले." मग वर्षश्राद्ध होतं, मग पेरणी येते, मग कोणाचं तरी लग्न निघतं, आणि सातबाऱ्यावर मेलेल्या माणसाचं नाव तसंच राहतं, कधी कधी तीस-तीस वर्षं.

यामागची समजूत अशी की नाव चढवलं की भांडण लागतं, म्हणून नाव न चढवणं म्हणजे घर एकत्र ठेवणं. मला हे अजिबात पटत नाही. मी जवळून पाहिलेली वावराची जेवढी भांडणं आहेत, आमच्या घरचं धरून, त्यातलं एकही नाव चढवल्यानं लागलं नाही, सगळी न चढवल्यानं किंवा अर्धवट चढवल्यानं लागली. ज्या वेळेला सगळे वारस एका घरात बसलेले असतात, रडत असतात, एकमेकांना धरून असतात, त्या वेळेला सगळ्यांची नावं लिहिणं सोपं असतं. वीस वर्षांनी त्यातले दोघं मेलेले असतात, त्यांची मुलं मोठी झालेली असतात, आणि ज्याच्याकडं वहिवाट आहे त्याला वावर आपलंच आहे याची खात्री झालेली असते.

नियम तसा अवघड नाही. जमीन महसूल संहिता १९६६ ची, त्यातलं कलम १४९ सांगतं की वारसानं जमीन आली तर तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला कळवा (आमच्याकडं अजून सगळे पटवारीच म्हणतात). तीन महिने उलटले म्हणून हक्क जात नाही, पण कळवायचं आपण असतं. मृत्यूचा दाखला, वंशावळ, सगळ्या वारसांची नावं-पत्ते, एक प्रतिज्ञापत्र किंवा स्वयंघोषणापत्र, एवढं लागतं. पटवारी आधी वारस रजिस्टरला म्हणजे नमुना सहा-क ला घेतो, चौकशी करतो, मग फेरफार म्हणजे नाव बदलाची नोंद लिहितो, संबंधितांना नोटीस जाते, पंधरा दिवसांत कोणाची हरकत नाही आली तर सर्कलसाहेब म्हणजे मंडळ अधिकारी तो प्रमाणित करतात. हरकत आली तर प्रकरण विवादग्रस्त रजिस्टरला जातं आणि सुनावणी लागते. आता हे ऑनलाइनही होतं, ई-हक्क म्हणून पोर्टल आहे, फेरफाराची नोटीस आपली चावडीवर मोबाइलमध्ये दिसते. म्हणजे कागदाचं काम महिन्या-दोन महिन्यांचं आहे. वर्षं लागतात ती आपल्या मनातल्या अडचणीला.

आमचं गाव वर्धा जिल्ह्यातलं, नदीपासून फार लांब नाही. आजोबा १९८७ साली गेले. वावर दोन जागी, नाल्याकडचं काळं आणि वरच्या अंगाचं बरड. काळं वावर वडिलोपार्जित, बरड आजोबांनी स्वतः पैसे साठवून विकत घेतलेलं. मागं आजी, दोन मुलं, दोन मुली. माझे बाबा लहान, नोकरीनिमित्त वर्ध्याला, आणि शेती पाहायचे मोठे बाबा म्हणजे माझे थोरले काका. तर सातबाऱ्यावर मोठ्या बाबांचं नाव लागलं आणि नावापुढं तीन अक्षरं, ए.कु.मॅ. एकत्र कुटुंब मॅनेजर. म्हणजे हा माणूस कुटुंबाच्या वतीनं व्यवहार पाहतो, वावर त्याच्या एकट्याचं नाही. त्या काळात हे सर्रास व्हायचं, आणि मोठे बाबा होते तोपर्यंत कोणालाच काही वाटलं नाही कारण ते माणूसच तसे होते, कापूस विकला की बाबांचा हिस्सा घरी आणून द्यायचे, तुरीच्या डाळीचं पोतं, ज्वारी, दोन्ही आत्यांना दिवाळीला साडी-चोळी आणि सोबत धान्य, कधी चुकलं नाही.

ते गेले तेव्हा माझ्या चुलतभावांनी वारसाचा अर्ज दिला. त्यात मोठी आई आणि तिची मुलं एवढीच नावं. का, तर सातबारा मधे कधीतरी नव्यानं लिहिला गेला होता आणि त्या लिहिण्यात ती तीन अक्षरं गळली होती, कागदावर मोठे बाबा एकटेच मालक दिसत होते, मग त्यांचे वारस म्हणजे त्यांचीच बायको-मुलं. फेरफार मंजूर झाला. बाबांना नोटीस आली नाही, यायचं कारणच नव्हतं कारण कागदावर बाबा कुठंच नव्हते.

माझे चुलतभाऊ वाईट माणसं नाहीत हे मी मुद्दाम लिहिते, कारण वावराच्या भांडणात ऐकणाऱ्याला लगेच कोणीतरी खलनायक पाहिजे असतो. त्यांनी बँकेचं कर्ज काढून विहिरीचं काम केलं, ठिबक टाकलं, काळ्या वावरात संत्रा लावला, उन्हातान्हात राबले. कर्जमाफीची यादी, पीकविमा, पीएम किसानचे वर्षाचे सहा हजार, ई-पीक पाहणी, आता फार्मर आयडी, सगळं त्या सातबाऱ्यावर. प्रत्येक वेळेला सरकारचा, बँकेचा कागद त्यांना सांगत होता की हे तुमचं आहे. इतक्या वर्षांनी बाबांनी रिटायर झाल्यावर म्हटलं की आपला हिस्सा वेगळा करू, तर थोरला चुलतभाऊ म्हणाला, "काका, तुमचा हिस्सा कोनता? कागदावर तं नाई." तो खोटं बोलत नव्हता, जे दिसत होतं ते बोलत होता, आणि मला सगळ्यात जास्त त्रास याच गोष्टीचा झाला की एक चुकीची नोंद पंधरा-वीस वर्षं तशीच राहिली तर प्रामाणिक माणसालाही ती खरी वाटायला लागते.

मग जुने कागद शोधणं आलं. हे काम माझ्याकडं आलं कारण भाऊ पुण्याला आणि बाबांचे गुडघे गेलेले. नक्कल विभागात अर्ज, फी, शोधणाऱ्या कर्मचाऱ्याची वाट पाहणं, रजिस्टरची पानं जीर्ण, काही ठिकाणी वाळवी. पण या निमित्तानं मला आपल्या भागाच्या जमिनीचा इतिहास कळला आणि तो प्रत्येकानं माहीत करून घ्यावा असं मला मनापासून वाटतं, कारण कुठला कागद मागायचा हे त्यावरच ठरतं. वर्धा नदीच्या अलीकडं आणि पलीकडं जमिनीची पद्धतच वेगळी होती. पलीकडं वऱ्हाड, मूळ निजामाचा मुलूख, १८५३ पासून इंग्रजांच्या ताब्यात, १९०३ मध्ये मध्य प्रांताला जोडलेला, तिथं मुंबई इलाख्यासारखी सर्वे नंबरची पद्धत, शेतकऱ्याचा सरकारशी सरळ संबंध. अलीकडं नागपूर-वर्धा-भंडारा-चांदा, इथं मालगुजारी, गावाचा मालगुजार सारा गोळा करणार आणि शेतकरी त्याच्या हाताखाली कुळ. मध्य प्रदेश सरकारचा कायदा १९५० चा, ३१ मार्च १९५१ पासून मालगुजारी संपली. नंतर १९५४-५५ चा अधिकार अभिलेख तयार झाला आणि आमच्या बाजूला जुनं काही सिद्ध करायचं म्हटलं की वकील पहिल्यांदा तोच मागतात. १ नोव्हेंबर १९५६ ला विदर्भ मुंबई राज्यात आला, १९६० ला महाराष्ट्र झाला, मग १९६६ ची संहिता. म्हणजे एका आजोबाच्या आयुष्यात त्याच वावराचा कागद किती सरकारांच्या नमुन्यांतून गेला बघा. दर वेळेला कोणीतरी हातानं उतरवून घेतलं, पुढं कॉम्प्युटरवर टाइप केलं, आणि हातानं उतरवताना अक्षर गळतं, हिस्सा गळतो, कधी माणूसच गळतो.

आम्हाला १९८८ चा फेरफार सापडला. निळ्या शाईतली नोंद, आजोबा मयत, वारस पत्नी एक, मुलं दोन, मुली दोन, सगळ्यांची नावं, आत्यांच्या नावापुढं त्यांच्या सासरची गावं, आणि शेवटी सर्वांच्या संमतीनं थोरल्या मुलाचं नाव ए.कु.मॅ. म्हणून दाखल करावं. त्या वेळच्या पटवाऱ्याचे मी मनापासून आभार मानते, कोण होता माहीत नाही, पण त्यानं काम चोख केलं होतं. पुष्कळ गावांत त्या काळच्या फेरफारात मुलींची नावं घेतलीच नाहीत, किंवा घेतली तर इतर अधिकारात टाकली, भाऊ कब्जेदार सदरात म्हणजे जमीन ज्यांची त्यांच्या रकान्यात आणि बहीण बाजूच्या रकान्यात, विहिरीच्या बोज्याशेजारी. लहान मुलाच्या नावापुढं अ.पा.क. म्हणजे अज्ञान पालक कर्ता लागायचं आणि ते मूल चाळीस वर्षांचं झालं तरी कागदावर अज्ञानच राहायचं. ही सगळी अक्षरं आपापल्या सातबाऱ्यावर आहेत का ते घरी जाऊन बघा, खरंच बघा.

फेरफार मिळाल्यावर आम्ही कलम १५५ खाली दुरुस्तीचा अर्ज केला, चुलतभावांनी हरकत घेतली, तिथून अपील एसडीओसाहेबांकडं म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडं. इथं एक गोष्ट मला फार उशिरा कळली पण ती सगळ्यात आधी कळायला पाहिजे. फेरफार म्हणजे मालकी नव्हे. नोंद महसुलासाठी असते, कलम १५७ प्रमाणे ती खरी धरली जाते पण उलट सिद्ध होईपर्यंतच, आणि मालकी कोणाची हे ठरवायचा अधिकार दिवाणी कोर्टाचा. सुप्रीम कोर्टानं हे कितीदा सांगितलंय, २०२१ मध्येही सांगितलं, मृत्युपत्रावरून वाद असेल तर आधी कोर्टातून हक्क ठरवून आणा. आणि आपल्याकडं लोक काय करतात, तहसील, एसडीओ, अपर कलेक्टर, आयुक्त, या शिडीवर दहा-दहा वर्षं चढत राहतात, प्रत्येक पायरीवर वकील, प्रत्येक पायरीवर पेशी, साहेब दौऱ्यावर, पुढची तारीख, आणि शेवटी वर पोचल्यावर ऐकायला मिळतं की तुमचा वाद हक्काचा आहे, कोर्टात जा. नजरचुकीनं अक्षर गळलं तर तो महसुलाचा प्रश्न. पण हिस्सा आहे का नाही हाच वाद असेल तर पहिल्याच महिन्यात कोणत्या दारात उभं राहायचं हे विचारून घ्या. कोर्टाचा वाटणीचा हुकूम झाला तरी सारा भरणाऱ्या शेतजमिनीची प्रत्यक्ष वाटणी कलेक्टरमार्फतच होते, म्हणजे मोजणी, पोटहिस्सा, फेरफार हे सगळं पुन्हा आहेच.

आता आत्यांचं. माझ्यासाठी या सगळ्या प्रकरणाचा गाभा हाच आहे.

बाबा आणि चुलतभाऊ यांच्यात समेटाची बोलणी सुरू झाली तेव्हा दोन्ही बाजूंचं एका गोष्टीवर चटकन एकमत झालं, ते म्हणजे आत्यांकडून हक्कसोड करून घेऊ. कोणालाच ते वावगं वाटलं नाही, बाबांनाही नाही. थोरला चुलतभाऊ म्हणाला की मुलींचा हक्क २००५ नंतरचा, आजोबा तर १९८७ ला गेले. हे मी गावागावांत ऐकलंय, चांगले शिकलेले लोकही बोलतात. पण आजोबांनी स्वतः घेतलेल्या बरड वावरात मुलीचा हिस्सा मुलाइतकाच आहे आणि तो १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यापासून आहे, मृत्युपत्र केलं नसेल तर बायको, मुलगा, मुलगी सारखे वारस. वडिलोपार्जितात महाराष्ट्रानं १९९४ लाच मुलींना समान केलं होतं, तेव्हा लग्न न झालेल्यांपुरतं, मग ९ सप्टेंबर २००५ ला देशभर सगळ्या मुलींना, आणि ११ ऑगस्ट २०२० ला सुप्रीम कोर्टानं विनीता शर्मा निकालात सांगितलं की त्या तारखेला बाप जिवंत असायला पाहिजे अशी अट नाही, हक्क जन्मानं आहे. त्याच निकालात तोंडी वाटणीबद्दलही आहे, आमची तोंडी वाटणी आधीच झाली एवढं म्हणून भागत नाही, सरकारी कागदाचा भक्कम पुरावा पाहिजे.

मी हे वाचून दाखवलं तेव्हा घरात शांतता झाली आणि मग बाबा चिडले, माझ्यावरच. म्हणाले, तू त्यांच्या बाजूनं का माझ्या. मी म्हटलं, बाबा, चुलतभाऊ तुम्हाला जे म्हणाले, कागदावर तुम्ही नाही, तेच आपण आत्याला म्हणतोय.

मोठी आत्या तेव्हा सत्तरीच्या पुढं. तिच्या गावी गेले तर तिनं आधी जेवू घातलं, मग म्हणाली, "मले वावर घेऊन काय करायचं बाई, माया पोराचं बरं चाललं आहे. पन मी वर्सातून दोनदा येतो माहेरी, वहिनी भाकर देते, म्हनून मी सही द्याची का? मी माया बापाची पोरगी नाई का?" लहान आत्याचं वेगळं. तिच्या नवऱ्याचं काही नाही, दुसऱ्याच्या वावरात निंदायला, कापूस वेचायला जाते, आणि तिनंच सगळ्यात आधी सही द्यायची तयारी दाखवली, कारण माहेर तुटायची भीती तिला जास्त होती. जिला हिस्स्याची खरी गरज तीच आधी सोडायला तयार, हे पाहून मला रात्री झोप आली नाही. हक्कसोडपत्र नोंदणीकृत लागतं आणि एकदा झालं की परत फिरवणं फार अवघड. म्हणून माझं सगळ्यांना हात जोडून सांगणं आहे की बहिणीला सोडायचं असेल तर तिनं सोडावं, तो तिचा अधिकार, पण आधी तिचं नाव कब्जेदार सदरात लागू द्या, तिला सातबारा हातात घेऊन बघू द्या, वर्ष-दोन वर्षं जाऊ द्या, मग विचारा. तेरवीच्या मांडवात, रक्षाबंधनाच्या ताटासमोर सही मागू नका.

आणि विधवा. यवतमाळ, अमरावती, वर्धा, आमच्या या पट्ट्यानं शेतकऱ्यांच्या आत्महत्या किती पाहिल्या ते वेगळं सांगायला नको. मदतीचे एक लाख येतात, त्यातले तीस हजार हातात आणि सत्तर हजार बँकेत ठेव, बातमी होते, पुढारी येऊन जातात. पण त्यानंतर ती बाई जेव्हा पेरणीला पीककर्ज मागायला जाते तेव्हा बँक सातबारा मागते आणि सातबाऱ्यावर नाव सासऱ्याचं असतं. नवऱ्याचंही कधी लागलेलंच नसतं. सासरे म्हणतात, नाव लावून दिलं तर वावर विकून माहेरी जाईल. आमच्या शेजारच्या गावातली एक जण, दोन लहान पोरं, सगळं वावर एकटी करते, डवरणीपासून वेचणीपर्यंत, आणि विम्याचे पैसे दिराच्या खात्यात जातात. शेतकरी संघटनेनं लक्ष्मी मुक्तीची चळवळ केली होती, नवऱ्यानं जिवंतपणी बायकोचं नाव वावरावर लावायचं, पुढं सरकारनंही त्याची योजना केली, १९९२ मध्ये. आजही नवरा-बायको दोघं मिळून पटवाऱ्याकडं जाऊन विचारू शकतात. आमच्या भागात कित्येक घरांनी तेव्हा केलं होतं, त्या घरातल्या म्हाताऱ्या आज कोणासमोर हात पसरत नाहीत, मी ओळखते त्यांना.

सरकारनं २०२५ मध्ये जिवंत सातबारा मोहीम काढली, सुरुवात आपल्या विदर्भातूनच, बुलढाणा जिल्ह्यातून, मग १ एप्रिलपासून राज्यभर. गावात चावडीवाचन करून मयत खातेदारांची यादी करायची आणि वारसांची नावं लावायची. मला ही मोहीम मनापासून आवडली, कारण पहिल्यांदा पटवारी लोकांच्या दारात आला, एरवी लोक त्याच्या दारात. त्याच वर्षी शेतजमिनीच्या वाटणीपत्राची नोंदणी फी पण माफ केली. म्हणजे सगळे राजी असतील तर कलम ८५ खाली वाटणी करून घ्यायला आता खर्चाचं कारणही राहिलं नाही. फक्त अशा मोहिमेत जी वंशावळ लिहून द्याल तीच पुढं खरी ठरणार, त्यात बहिणीचं नाव, मेलेल्या भावाच्या बायकोचं नाव, गावाबाहेर राहणाऱ्याचं नाव गाळलं तर ते भांडण आणखी तीस वर्षांसाठी पेरलं. चावडीवाचनाला बायकांनी गेलं पाहिजे, गर्दीत मागं उभं राहायचं नाही, समोर बसून ऐकायचं की आपल्या घराचं काय वाचतात.

आमचं शेवटी कोर्टात गेलं नाही. एसडीओसाहेबांकडं अपील चालू असतानाच मोठ्या आईनं दोन्ही पोरांना बसवलं आणि म्हणाली की मी त्या सह्या करताना होते, ते वावर सगळ्यांचं होतं. ती नसती तर मला वाटत नाही मिटलं असतं. तडजोड दाखल झाली, बाबांचं, दोन्ही आत्यांचं नाव कब्जेदार सदरात लागलं. संत्रा चुलतभावांचा, विहीर त्यांची, म्हणून काळ्या वावरात त्यांना तो तुकडा आणि बरडात बाकीच्यांना जास्त असं ठरलंय, मोजणीची तारीख लागायची आहे. धुऱ्यावरून अजून कुरबूर आहे, दोन सागाची झाडं कोणाच्या बाजूला येतात त्यावरून. मोठ्या आत्यानं नाव लागल्यावर आपला हिस्सा लहान बहिणीला द्यायचं ठरवलंय, हे आमच्यापैकी कोणाच्याच डोक्यात आलं नव्हतं.

आता माझ्या आईचं राहिलंय. तिचं माहेर नदीपलीकडं, धामणगावकडं, नाना जाऊन बरीच वर्षं झाली आणि सातबाऱ्यावर अजून त्यांचंच नाव आहे. मामांना फोन केला तर ते आधी हसले, मग म्हणाले, "ताईले पायजे का वावर?" आई बाजूलाच होती, तिनं फोन घेतला आणि म्हटलं, "वावराचं मागून पाहू भाऊ, पयले नाव लाव." मामा पुढच्या आठवड्यात मृत्यूचा दाखला काढून ठेवतो म्हणालेत, वंशावळ मी लिहून पाठवली आहे, त्यात आई आहे, दोन्ही मावश्या आहेत, आणि जी मावशी वारली तिची दोन मुलंही आहेत.